जुना गळा उसना घेताना

नव्या ट्रॅकमध्ये जुन्या तबकडीतला आवाज घ्यायचा म्हणतोस ना, मग एवढं ऐकून ठेव.

आधी साल बघ. आपल्याकडे ध्वनिमुद्रण प्रसिद्ध झालं ते वर्ष सरल्यापासून ६० वर्षं त्यावर हक्क असतो. म्हणजे १९६०ची तबकडी २०२१ उजाडताच मोकळी झाली. पण तबकडी मोकळी म्हणून गाणं मोकळं होत नाही. शब्द आणि चाल यांचा हिशेब निराळा, कर्त्याच्या निधनानंतर ६० वर्षांचा. गदिमा १९७७मध्ये गेले. त्यांच्या शब्दांवरचा हक्क २०३७ अखेरपर्यंत आहे. म्हणून सुरुवात पारंपरिक बंदिशीपासून कर. अमेरिकेत तर १९३०ची तबकडीसुद्धा २०३१मध्ये मोकळी होणार. ‘इंटरनेट अर्काइव्ह’वरून डाउनलोड झाली म्हणजे ती वापरायला मिळाली, असं धरू नकोस. लेबलचा फोटो जपून ठेव; उद्या यूट्यूबवर कुणी दावा ठोकला तर दाखवायला काहीतरी हवं.

मग वेग. ७८ हा आकडा नावापुरता; सुरुवातीच्या तबकड्यांचा वेग कमी-जास्त असायचा. गौहरजानच्या १९०२च्या कलकत्त्यातल्या तबकड्या ऐक. गाणं संपल्यावर ती स्वतःचं नाव सांगते. तबकड्या छापायला जर्मनीत जायच्या, तिथल्या कारागिरांना गाणारी कोण ते कळावं म्हणून. असा तुकडा कापून फेकू नकोस. गाताना पट्टी उंच आहे की वेग जास्त, हे चटकन उमगत नाही. बोलण्यात लगेच कळतं. बोलणं चिरकं वाटलं तर वेग उतरव, मग पेटीवर पट्टी शोध.

१९२५पूर्वीचं गाणं कर्ण्यासमोर उभं राहून गायलेलं. त्यात खालचे स्वर धड उतरलेलेच नाहीत. ईक्यूवर बेस चढवलास तर नुसती घरघर वाढेल. ती रिकामी जागा तुझ्या बेसला दे. खरखरही पार पुसू नकोस, तिच्यासोबत ‘स’ आणि श्वास जातात.

आवाज ओढूनताणून क्लिकवर बसवू नकोस. सम कुठे येते ते हातावर मोज, तिथे खुणा कर आणि तुझा ठेका त्या खुणांमागून चालव.

आणि पैसे द्यायचे नसले तरी नाव द्यायला चुकू नकोस. गाणारी, साल, तबकडीचा क्रमांक, तिन्ही लिही. ऐकणाऱ्याला मूळ गाणं शोधता आलं पाहिजे.