संगणकावरील मराठी लेखन : रफार आणि ‘ऱ्य’

‘आचार्यांना दक्षिणा द्यावी’ आणि ‘आचाऱ्यांना दक्षिणा द्यावी’ या दोन वाक्यांत केवळ एका चिन्हाचा भेद आहे. परंतु पहिल्यात दक्षिणा गुरूंस मिळते, तर दुसऱ्यात ती स्वयंपाक्यास. शाळेतील पत्रव्यवहार, पटावरील नावे व दाखले आता संगणकावर लिहिले जातात. अशा वेळी फळ्यावर सहज काढता येणारे हे चिन्ह कळफलकावर कोठे आहे, हे प्राथमिक शिक्षकास ठाऊक असणे अगत्याचे झाले आहे.

प्रथम मराठी कळफलकाची रचना समजून घ्यावी. जुन्या टंकलेखन यंत्रावर अक्षर जसे दिसते तसे उमटवावे लागे; म्हणून ‘कि’ लिहिताना ऱ्हस्व वेलांटी आधी व ‘क’ नंतर येई. संगणकाचा ‘इन्स्क्रिप्ट’ कळफलक याच्या उलट, म्हणजे उच्चाराच्या क्रमाने चालतो. आधी ‘क’, मग वेलांटी. स्वर व त्यांची चिन्हे डाव्या हाताखाली, तर बहुतेक व्यंजने उजव्या हाताखाली येतात. जोडाक्षर हवे असल्यास दोन व्यंजनांच्या मध्ये ‘डी’ ही हलन्ताची कळ दाबावी. वर्णांची फोड करून जोडाक्षर शिकविणाऱ्या शिक्षकास ही पद्धत परकी वाटणार नाही. किंबहुना टंकलेखन यंत्रावर हात बसलेल्या लेखनिकापेक्षा ती त्यास लवकर साधावी. भारतीय लिप्यांसाठी संगणकावरील हे काम कानपूरच्या भारतीय तंत्रज्ञान संस्थेत सुरू झाले, आणि १९८८ मध्ये पुण्यात स्थापन झालेल्या ‘सी-डॅक’ या संस्थेने ते पुढे चालविले.

आता मूळ प्रश्नाकडे वळू. ‘दर्या’ म्हणजे समुद्र. तो लिहिताना द, र, हलन्त, य, काना असा क्रम येतो व संगणक आपोआप रफार काढतो. ‘दऱ्या’ म्हणजे डोंगरांमधील खोलगट जागा. येथे ‘र’ ऐवजी ‘ऱ’ हे अक्षर घ्यावयाचे असते. ‘र’ची कळ ‘जे’ आहे. तीच शिफ्टसह दाबली की ‘ऱ’ मिळतो. बाकी सर्व कळा त्याच. हे टिंबाचे अक्षर युनिकोडमध्ये मुळात द्राविडी भाषांतील एका उच्चारासाठी ठेवलेले आहे. त्याचे अर्धे रूप मात्र मराठीच्या उपयोगी पडले आहे.

कोठे कोणता ‘र’ यावा, हे कान सांगतो. रफारात मागील अक्षरावर आघात येतो : सूर्य, कार्य, आर्य. ‘ऱ्य’मध्ये तसा आघात येत नाही. दोरी-दोऱ्या, भाकरी-भाकऱ्या, शेतकरी-शेतकऱ्यांना अशी मूळ शब्दासह जोडी दिली की मुलांना फारसे समजावावे लागत नाही. ‘ह’पूर्वीही हाच ‘र’ येतो : गुऱ्हाळ, तऱ्हा, चऱ्हाट. सासवड व बारामतीवरून वाहणाऱ्या कऱ्हा नदीचे नाव रफाराने लिहिलेले पाहिले, की तेथील मूलदेखील अडखळते.

एक अडचण मात्र डोळ्यांना दिसत नाही. काही लेखनपद्धतींत ‘ऱ्य’ हे साध्या ‘र’पुढे हलन्त व एक अदृश्य जोडचिन्ह घालून तयार होते. पडद्यावर दोन्ही रूपे सारखीच दिसतात. संगणक मात्र त्यांना भिन्न समजू शकतो. कऱ्हाडे आडनावाच्या मुलाची नोंद एका प्रकारे झाली व शोध दुसऱ्या प्रकारे घेतला, तर नाव यादीत असूनही सापडत नाही, आणि मग त्याच मुलाची दुसरी नोंद केली जाते. यास्तव एका शाळेत सर्वांनी एकच रीत पाळावी, व नाव न सापडल्यास ते दोन्ही रीतींनी शोधून पाहावे.

‘ॲ’ची गत काहीशी अशीच आहे. या अक्षरास युनिकोडमध्ये २००८ साली स्वतंत्र स्थान मिळाले, आणि २००९ च्या शासननिर्णयाने ‘ॲ’ व ‘ऑ’ मराठी वर्णमालेत आले. ‘अ’वर निराळा चंद्र चढवून केलेले अक्षर अथवा हिंदीतील ‘ऍ’ यांना संगणक ‘ॲ’ मानीत नाही. नव्या यंत्रावर काम सुरू करण्यापूर्वी ‘ॲ’ची कळ शोधून ठेवावी, सर्व यंत्रांवर ती एकाच जागी नसते.

सरावासाठी वरील जोड्यांचेच श्रुतलेखन घ्यावे : आधी पाटीवर, मग संगणकावर. रोमन अक्षरांतून मराठी उमटविणारी सोय वापरीत असल्यास ‘दर्या’ व ‘दऱ्या’ हे दोन शब्द प्रथम लिहून पाहावेत. यंत्र दोहोंस एकच रूप देत असेल, तर त्यावर पटावरील नावे लिहू नयेत.