‘अनॉन’ : एका क्रियाविशेषणाचा अभ्यास

इंग्रजी शिकणाऱ्या विद्यार्थ्यांस मोठ्या शब्दांची भीति वाटते, लहान शब्दांची वाटत नाहीं. लांबलचक शब्द दिसला कीं ते कोश उघडतात. परंतु दोन अक्षरांचा एखादा शब्द वाक्यांतून हळूच निसटतो आणि त्याबरोबर वाक्याचा अर्थहि निसटून जातो. ‘अनॉन’ हा अशाच शब्दांपैकीं एक होय. हें कालवाचक क्रियाविशेषण आजच्या बोलण्यांत किंवा वर्तमानपत्रांत फारसें आढळत नाहीं. जुनीं काव्यें, शेक्सपिअरचीं नाटकें आणि १६११ सालीं प्रसिद्ध झालेलें इंग्रजी बायबल वाचतांना मात्र त्याची गांठ पडते. लहान कोशांत त्याच्यापुढें ‘लवकरच, थोड्या वेळानें’ एवढाच अर्थ दिलेला असतो. विद्यार्थी तो समासांत टिपून घेतो आणि पुढें जातो. फसगत होते ती येथेंच. कारण ज्या ग्रंथांत हा शब्द येतो, त्यांपैकीं कित्येकांत त्याचा अर्थ ‘थोड्या वेळानें’ असा नसून ‘ताबडतोब’ असा आहे. एकाच शब्दास ‘आतां’ आणि ‘मग’ असे दोन अर्थ कसे चिकटले, आणि वाचतांना त्यांतून योग्य तो कसा निवडावा, हें या लेखांत पाहावयाचें आम्हीं योजिलें आहे.

प्रथम व्युत्पत्ति पाहूं. या शब्दाचा उच्चार करतांना आघात दुसऱ्या अक्षरावर द्यावयाचा असतो. जुन्या इंग्रजींतील ‘ऑन’ हें अव्यय आणि ‘आन’ हें संख्यावाचक यांच्या संयोगानें तो बनला आहे. ‘आन’ म्हणजे ‘एक’. आजच्या इंग्रजींतील ‘वन’ हा अंक आणि ‘अ’ व ‘ॲन’ हीं उपपदें याच ‘आन’चीं वंशज होत. तेव्हां ‘अनॉन’चा मूळ अर्थ ‘एकांत’, म्हणजे एकाच ओघांत, मध्यें खंड न पडतां, असा होता. त्यावरून ‘लागलेंच, तत्क्षणीं’ हा अर्थ सहज निघाला. आजच्या ‘ॲट वन्स’ या शब्दसमूहांतहि तोच ‘एक’ दडलेला आहे. आपल्या मराठींत फारशींतून आलेला ‘एकदम’ हा शब्द पाहा. ‘दम’ म्हणजे श्वास. एका श्वासांत जें होतें तें एकदम. मनुष्यास तातडी सांगावयाची असली म्हणजे तो ‘एक’ या अंकाकडे वळतो, मग त्याची भाषा कोणतीहि असो. ‘दोन’ म्हटलें कीं मध्यें अंतर पडलेंच.

चौदाव्या शतकाच्या अखेरीस चॉसर कवीनें कँटरबरीच्या यात्रेकरूंच्या कथा लिहिल्या. त्यांत ‘अनॉन’ वारंवार येतो व बहुधा आपल्या मूळच्या तेजानें येतो. एखादें पात्र ‘अनॉन’ उठलें, म्हणजे तें तेव्हांच उठलें, मागाहून नव्हे. परंतु सोळाव्या शतकांत या शब्दाची धार बोथट होऊं लागली. ती कशी बोथट झाली, याचें जणूं चित्रच शेक्सपिअरनें काढून ठेविलें आहे. ‘चौथा हेन्री’ या त्याच्या नाटकाचा पहिला भाग १५९८ सालीं छापला गेला. त्याच्या दुसऱ्या अंकांत लंडनमधील एका मद्यगृहाचा देखावा आहे. तेथें फ्रान्सिस नांवाचा एक पोऱ्या गिऱ्हाइकांस पेले भरून देण्याचें काम करतो. राजपुत्र हॅल त्याला बोलण्यांत गुंतवून ठेवतो आणि त्याचा मित्र पॉइन्स दुसऱ्या खोलींतून त्याच फ्रान्सिसला हांका मारीत राहतो. प्रत्येक हांकेस बिचारा ‘अनॉन’ म्हणून ओ देतो, पण जागचा हालत नाहीं. शेवटीं दोघेहि एकदम हांक मारतात, तेव्हां कोणीकडे जावें हें न कळून तो मध्येंच खिळून उभा राहतो. आणि इतक्यांत मालक येऊन त्यालाच रागें भरतो.

या विनोदाचें मर्म आमच्या विषयाच्या दृष्टीनें मोठें आहे. फ्रान्सिसच्या मनांत ‘अनॉन’ म्हणजे ‘हा आलोंच’. परंतु पलीकडच्या खोलींत बसून वाट पाहणाऱ्याच्या अनुभवास काय येतें? शब्द ऐकूं येतो, मनुष्य येत नाहीं. असें एकदां नव्हे, शेंकडों वेळां, शेंकडों मद्यगृहांत व घरांत घडलें, तर ऐकणारा त्या शब्दाचा अर्थ काय समजेल? कोशकार काय सांगतो हें तो पाहणार नाहीं. शब्द आणि कृति यांमध्यें किती वेळ गेला हें तो पाहील, व तेवढा विलंब शब्दाच्या अर्थांत मिळवून टाकील. ‘ताबडतोब’चा ‘थोड्या वेळानें’ झाला तो असा. कोणी पंडितानें तो बदलला नाहीं. बोलणाऱ्यांच्या आळसानें आणि ऐकणाऱ्यांच्या अनुभवानें तो बदलला.

हा केवळ एका शब्दाचा अपघात असता, तर आम्हीं त्यावर एवढा मजकूर खर्ची घातला नसता. परंतु ‘अनॉन’ची भावंडेंहि त्याच वाटेनें गेलीं आहेत. ‘सून’ हें आजचें अगदीं साधें क्रियाविशेषण घ्या. जुन्या इंग्रजींत त्याचा अर्थ ‘तत्काळ’ होता. आज तो ‘लवकरच’ असा आहे. ‘प्रेझेंटली’चा अर्थ एके काळीं ‘याच क्षणीं’ असा होता. पुढें तो ‘थोड्या वेळानें’ झाला. ‘बाय अँड बाय’ हा शब्दसमूहहि एके काळीं ‘लागलाच’ या अर्थीं वापरीत. आज त्यांत ‘यथावकाश’ एवढाच अर्थ उरला आहे. इंग्लंडच्या नैर्ऋत्येस असलेल्या कॉर्नवॉल परगण्यांत तर ‘डायरेक्टली’ या शब्दाचीहि तीच गत झाली. तेथील लोक त्याचा ‘ड्रेक्ली’ असा उच्चार करतात, आणि त्यांच्या तोंडीं त्याचा अर्थ ‘होईल केव्हां तरी’ असा असतो.

अर्थाच्या या घसरणीनें वाचकाचें किती नुकसान होतें, हें १६११ च्या इंग्रजी बायबलांत स्पष्ट दिसतें. त्यांत ‘अनॉन’ हा शब्द दोनच ठिकाणीं आला आहे. त्यांपैकीं एक ठिकाण म्हणजे मत्तयाच्या तेराव्या अध्यायांतील पेरणाऱ्याचा दृष्टांत. खडकाळ जमिनीवर पडलेलें बीं म्हणजे कोणता मनुष्य, हें तेथें सांगितलें आहे. तो वचन ‘अनॉन’ आनंदानें स्वीकारतो, आणि संकट आलें म्हणजे ‘बाय अँड बाय’ अडखळतो. आजच्या कोशांतले अर्थ येथें घातले, तर हा मनुष्य थोडा विचार करून वचन घेतो व कांहीं काळ टिकून मग सोडतो, असें होईल. म्हणजे तो बराच धिमा व विचारी ठरेल! मूळ ग्रीकमध्यें दोन्हीं ठिकाणीं ‘ताबडतोब’ अशा अर्थाचा एकच शब्द आहे. तो झटकन स्वीकारतो आणि झटकन टाकतो. माती उथळ असल्यामुळें अंकुर लौकर फुटतो व लौकरच करपतो. दृष्टांताचा सगळा रोंख या दोन ‘झटकन’वर आहे. ते गेले म्हणजे दृष्टांतहि गेला.

दुसरें उदाहरण याहून भयंकर आहे. मार्काच्या सहाव्या अध्यायांत हेरोदियेची मुलगी राजापुढें नाचते आणि आईच्या सांगण्यावरून बाप्तिस्मा करणाऱ्या योहानाचें शिर तबकांत घालून मागते. तें तिला ‘बाय अँड बाय’ हवें आहे, असें १६११ चें भाषांतर म्हणतें. आजच्या अर्थानें वाचलें, तर तिला कांहींच घाई नाहीं. राजानें सवडीनें दिलें तरी चालेल! वास्तविक ती ‘याच क्षणीं’ म्हणत आहे. कारण राजाला विचार करण्यास अवधि मिळाला, तर तो शब्द फिरवील, हें आई ओळखून असावी. एका क्रियाविशेषणाचा अर्थ चुकला आणि क्रूर मागणीची सौम्य विनंति झाली. म्हणूनच १८८१ सालीं नव्या कराराचें सुधारलेलें इंग्रजी भाषांतर निघालें, तेव्हां विद्वानांनीं या सर्व ठिकाणचे जुने शब्द काढून ‘स्ट्रेटवे’, ‘फोर्थविथ’ असे निःसंदिग्ध शब्द घातले. १६११ च्या भाषांतरकारांकडे यांत दोष नाहीं. त्यांनीं आपल्या काळीं प्रचलित असलेला शब्द वापरला. पुढें शब्दच त्यांच्या हातांतून निसटला.

आतां आपल्या मराठीकडे वळूं. कारण दुसऱ्याच्या भाषेंतील व्यंग दाखवितांना आपल्या घरांतहि दिवा फिरवावा हें बरें. आई स्वयंपाकघरांतून हांक मारते आणि मुलगा ओटीवरून ‘आलों!’ म्हणतो. व्याकरणाच्या दृष्टीनें हा भूतकाळ आहे. येण्याची क्रिया संपून गेली, असें तो सांगत आहे. प्रत्यक्षांत त्यानें हातांतलें पुस्तकहि मिटलेलें नसतें. जवळच्या भविष्याबद्दल भूतकाळ वापरण्याची ही लकब आपल्या भाषेचें एक मोठें सामर्थ्य आहे. पण तिची किंमत काय राहिली आहे, हें त्या आईसच विचारावें. संस्कृतांतील ‘सद्यः’ म्हणजे ‘त्याच दिवशीं, तत्क्षणीं’. त्यापासून आलेला आपला ‘सध्यां’ आज ‘हल्लींच्या दिवसांत’ एवढेंच सांगतो. अमेरिकेंत आणि स्कॉटलंडांत ‘प्रेझेंटली’ हा शब्दहि ‘सध्यां’ याच अर्थीं वापरतात, हा योगायोग लक्षांत ठेवण्याजोगा आहे. आणि कचेऱ्यांतील कागदांवर पूर्वी ‘तात्काळ’ असा शेरा पुरेसा होत असेल; आतां ‘अति तात्काळ’ असें लिहावें लागतें. एका क्षणाहून लहान असा दुसरा क्षण कोठून आणावयाचा? पण पहिल्या शब्दावर कोणी उठेनासें झालें, म्हणून त्याच्या पाठीवर ‘अति’ची थाप मारावी लागली.

आतां विद्यार्थ्यांच्या उपयोगासाठीं कांहीं नियम सांगतों.

पहिला : ग्रंथ किती जुना आहे तें आधीं पाहावें. चॉसरच्या काळच्या लेखनांत ‘अनॉन’चा अर्थ बहुधा ‘लागलेंच’ असा घ्यावा. शेक्सपिअरच्या काळीं दोन्हीं अर्थ शेजारीं नांदत होते, म्हणून तेथें प्रसंग पाहून निवड करावी. अठराव्या शतकापासून पुढें ‘लवकरच, मागाहून’ हाच अर्थ बहुतेक ठिकाणीं लागू पडतो. निबंधकार एखादा विषय अर्धा सोडून त्याबद्दल ‘अनॉन’ बोलूं असें म्हणतो, तेव्हां ‘याविषयीं अधिक पुढें’ असें समजावें.

दुसरा : ‘एव्हर अँड अनॉन’ हा जोडशब्द निराळा धरावा. त्याचा अर्थ ‘मधून मधून, राहून राहून’ असा आहे. त्यांत तातडीहि नाहीं व विलंबहि नाहीं. तेथें फक्त पुनरावृत्ति आहे.

तिसरा : कवितासंग्रहांत कवितेखालीं ‘अनॉन’ असें छापून पुढें पूर्णविराम दिलेला असतो. तें या क्रियाविशेषणाचें रूप नव्हे, आणि ‘अनॉन’ नांवाचा कोणी कवीहि होऊन गेला नाहीं! ग्रीकमधून आलेल्या ‘अनॉनिमस’ म्हणजे ‘निनांवी’ या शब्दाचा तो संक्षेप आहे. उच्चार सारखा, कूळ वेगळें.

चौथा : आपल्या लेखनांत हा शब्द वापरूं नये. वाचतांना ओळखण्यासाठीं तो शिकावयाचा, मिरविण्यासाठीं नव्हे. आजचे इंग्रज लोक तो बहुधा थट्टेनें किंवा जुनाट डौल आणण्यासाठीं वापरतात. शाळेची फी ‘अनॉन’ भरीन असा अर्ज एखाद्या विद्यार्थ्यानें केला, तर मुख्याध्यापकांस हंसावें कीं रागवावें हें कळणार नाहीं. आणि फी केव्हां येणार हें तर मुळींच कळणार नाहीं. ‘आतांच’ म्हणावयाचें असेल तेथें ‘ॲट वन्स’ आणि ‘लवकरच’ म्हणावयाचें असेल तेथें ‘सून’ लिहावें. दिवस व तारीख देतां आली, तर त्याहून उत्तम.

शब्दाचा अर्थ कोशकार ठरवीत नाहीं. तो लिहून ठेवतो. ठरवितात ते बोलणारे, आणि तेहि बोलून नव्हे, तर बोलल्यावर काय करतात त्यावरून. ‘अनॉन’ हा शब्द फ्रान्सिससारख्या हजारों मुखांनीं झिजविला. आपल्या ‘आलोंच’ आणि ‘लगेच’ या शब्दांस अजून थोडी धार शिल्लक आहे. हांक आल्यावर पुस्तक मिटून जो विद्यार्थी खरोखरच उठतो, तो आईची आज्ञा पाळतोच. शिवाय मराठी भाषेंतील एका चांगल्या क्रियाविशेषणाचा अर्थहि राखतो.