आजाऱ्याच्या उशाशी कोण बसतो?

शामान व भगत ह्यांविषयी मंडळीच्या अभ्यासासाठी एक पाठ
शास्त्रभाग : १ शमुवेल, अध्याय २८



भगताकडे जाऊ नका, असे आम्ही पाळक व उपदेशक वारंवार सांगत असतो, आणि मंडळीही मान डोलावते. तथापि पुष्कळ गावांत असे आढळते की, दिवसा मान डोलावणारा मनुष्य रात्री मूल तापाने फणफणले म्हणजे त्याच भगताच्या दारी उभा राहतो. त्यास दोष देणे सोपे आहे. परंतु तो का जातो ह्याचा विचार केल्यावाचून दिलेला दोष निष्फळ होतो. ह्यास्तव ही गोष्ट अन्य देशांतील लोकांमध्ये कशी चालत आली, ते प्रथम पाहू, आणि मग आपल्या पाड्याकडे वळू.

१. शामान म्हणजे कोण?

रशिया देशाच्या पूर्वेस सायबेरिया नावाचा अतिशय थंड व विस्तीर्ण प्रदेश आहे. तेथे येनिसेय नदीपासून ओखोत्स्क समुद्रापर्यंत एवेंकी नावाचे लोक पसरले आहेत. त्यांस पूर्वी तुंगूस म्हणत. शिकार करावी व रेनडिअर नावाची हरणे पाळावी, हा त्यांचा जुना व्यवसाय. ‘शामान’ हा शब्द त्यांच्याच भाषेतून रशियन भाषेत व तेथून जगभर गेला.

मनुष्याचा आत्मा वाट चुकला किंवा कोणी पळवून नेला म्हणजे तो आजारी पडतो, अशी ह्या लोकांची समजूत. अशा वेळी शामान लोखंडी पदक लोंबणारा अंगरखा घालतो, मोठी डफ वाजवितो, गातो, नाचतो, आणि देहभान हरपते तेव्हा त्याचा स्वतःचा आत्मा परलोकी जाऊन हरवलेला आत्मा परत आणतो असे मानतात. हा धंदा कोणी हौसेने पत्करीत नाही. बहुधा तरुणपणी दीर्घ आजार येतो. आत्म्यांनी आपणास निवडले असे तो समजतो, आणि मग जुन्या शामानाजवळ शिकतो.

सन १९२० नंतरच्या काळात सोव्हिएत सरकारने शामानांच्या डफा जप्त केल्या व अनेकांस कैदेत टाकले. तरी ही चाल नाहीशी झाली नाही. सन १९९१ मध्ये ते राज्य मोडल्यावर ती पुनः उघडपणे दिसू लागली. हुकमाने डफ हिरावता येते, परंतु मनातील भय हिरावता येत नाही.

२. अन्य देशांतील रीती

उत्तर अमेरिकेच्या बर्फाळ किनाऱ्यावर इनुइट लोक राहतात. सन १९२१ ते १९२४ ह्या काळात नूद रास्मुसेन नावाच्या प्रवाशाने त्यांच्यात राहून पुष्कळ माहिती लिहून ठेवली. समुद्राच्या तळाशी एक माता राहते, मनुष्यांनी विधिनिषेध मोडले म्हणजे ती सील वगैरे जलचर अडवून धरते, आणि मग उपासमार होते, असे ते लोक सांगत. तेव्हा त्यांचा अंगाकोक, म्हणजे शामान, समाधी लावून तिच्याकडे जाई व तिचे विस्कटलेले केस विंचरून तिचा राग शांत करी. परत आल्यावर घरात जमलेली माणसे एकामागून एक आपले अपराध बोलून दाखवीत. बंधूंनो, हे ध्यानात ठेवा की, अपराध कबूल करून मन हलके करावे ही भूक त्या लोकांसही होती.

कोरिया देशात हे काम करणाऱ्या बहुतेक स्त्रिया असून त्यांस मुदांग म्हणतात. त्या ‘कूत’ नावाचा विधी करतात. मृताचा आत्मा तिच्या मुखाने बोलतो असे मानून घरची माणसे तिच्याशी बोलतात व रडतात.

आता आपल्याकडे पाहू. पालघर, ठाणे व रायगड ह्या भागांतील वारली, ठाकूर, कातकरी पाड्यांत भगत असतो. तो सुपात तांदळाचे दाणे टाकून दुखण्याचे कारण पाहतो, त्याच्या अंगात वारे येते, आणि त्यास झाडपाल्याचीही माहिती असते. एवेंकींचा शामान आत्म्याने बाहेर जातो, तर आपल्याकडे देव अंगात येतो, हा मोठा भेद आहे. परंतु तीन गोष्टी सर्वत्र सारख्याच दिसतात : बोलावले म्हणजे तो येतो, निनावी दुःखास तो नाव देतो, आणि घाबरलेल्या घरास एकत्र बसवून काहीतरी करावयास लावतो.

३. एका पुरोहिताची प्रार्थना

सतराव्या शतकात अव्वाकुम नावाचा एक रशियन पुरोहित उपासनेच्या रीतींवरील वादामुळे सायबेरियात हद्दपार झाला होता. ज्या अंमलदाराच्या ताब्यात तो होता, त्याचे नाव पश्कोव्ह. पश्कोव्हने आपला मुलगा येरेमेय ह्यास शिपायांसह मोंगलांवर पाठविण्यापूर्वी तेथील एका मनुष्यास शामानाचा विधी करावयास लावले. त्याने मेंढा मारला, तो नाचला, आणि विजय मिळेल असे त्याने सांगितले. हे ऐकून अव्वाकुमास इतका संताप आला की, शामान खोटा ठरावा म्हणून ह्यांतील एकही मनुष्य परत येऊ नये, अशी त्याने देवाकडे आरोळी केली!

पुढे निघण्याची वेळ आली तेव्हा त्यास त्या माणसांची दया आली. येरेमेयाने तर बापाजवळ त्याच्यासाठी रदबदली केलेली होती. म्हणून त्याच्यासाठी तो रडून प्रार्थना करू लागला. तुकडी कापली गेली. येरेमेय जखमी होऊन कसाबसा परतला. हे सर्व अव्वाकुमाने आपल्या आत्मचरित्रात स्वतःच लिहिले आहे. सन १६८२ मध्ये त्यास जाळून मारण्यात आले.

शामानाचे भाकीत खोटे ठरले. पण आम्ही विचारतो, ती पहिली प्रार्थना ख्रिस्ताच्या सेवकास शोभणारी होती काय? आपले म्हणणे खरे ठरावे म्हणून शेजाऱ्याचे वाईट इच्छिणे हा मोह प्रत्येक उपदेशकास होतो. भगताकडे नेलेले मूल दगावले असता “आम्ही सांगितले नव्हते काय?” असे म्हणणारा उपदेशक त्याच मोहात पडलेला असतो.

४. शौल एन-दोरास का गेला?

ज्या शौल राजाने भूतविद्या करणाऱ्यांस देशातून घालवून दिले, तोच वेष पालटून रात्री त्या विद्येच्या स्त्रीकडे गेला. पलिष्ट्यांचे सैन्य पाहून त्याचे काळीज थरथरले होते, कोठूनही उत्तर मिळत नव्हते, आणि शमुवेल मरण पावला होता. ज्याला भीती वाटते आणि ज्याच्याजवळ कोणी नाही, तो रात्री बाहेर पडतो. शास्त्र त्याच्या कृत्याचे समर्थन करीत नाही. पण त्याचे भय ते झाकूनही ठेवीत नाही.

५. आपण काय करावे?

पहिले, वेळ दवडू नये. साप चावला असता तो अवयव हलू देऊ नये, कापू नये, चोखू नये, आणि प्रतिविष मिळेल अशा रुग्णालयात तत्काळ न्यावे. १०८ क्रमांकावर फोन केल्यास गाडी येते. मंत्राने माणूस वाचला असे जे सांगतात, तेथे पुष्कळदा साप बिनविषारी असतो किंवा विष अंगात शिरलेलेच नसते. फेपरे हा बाहेरचा फेरा नव्हे. त्यावर गोळ्या आहेत.

दुसरे, आजाराचे खापर कोणा विधवेवर किंवा शेजारणीवर फोडू देऊ नये. ‘डाकीण’ ह्या एका शब्दाने स्त्रियांस मार खावा लागला आहे, गाव सोडावे लागले आहे, प्राणही गेले आहेत. महाराष्ट्रात सन २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याने असा आरोप करणे, तसेच साप किंवा कुत्रा चावला असता औषधोपचार अडवून मंत्रतंत्र करणे, हा अपराध ठरविला आहे. असा बोभाटा कानी येताच उपदेशकाने त्या स्त्रीच्या दारी जाऊन उभे राहावे व पोलिसांस कळवावे.

तिसरे, आजाऱ्याच्या उशाशी बसावे. भगत रात्री येतो आणि उपदेशक रविवारी येतो, असे असेल तर लोक कोणाकडे जातील? दवाखान्यापर्यंत सोबत जा, बाकावर बसून राहा, आईच्या हाती चहाचा पेला द्या, आणि मग प्रार्थना करा. भगताची निंदा करू नका. तोही आपला शेजारी आहे, आणि एखादे दिवशी त्याचेच मूल आजारी पडेल.

मंडळीत विचारण्यासाठी प्रश्न

१. शौलाने बंदी केली असूनही तो स्वतः का गेला?
२. अव्वाकुमाच्या दोन प्रार्थनांत भेद कोणता?
३. आपल्या गावापासून प्रतिविष मिळण्याचे सर्वांत जवळचे ठिकाण कोठे आहे, आणि रात्री तेथे कसे पोहोचता येईल? ह्याचे उत्तर ह्याच आठवड्यात शोधून मंडळीच्या दारावर लिहून ठेवावे.