पोहण्याचा हौद आणि विहिरीचें पाणी

शेतावर पाहुणे उतरवून चार पैसे मिळविण्याचा जोडधंदा अलीकडे देशावर बराच रुजला आहे. शहरांतील मंडळी मुलांबाळांसह येतात, आणि मुलांस पोहावयास हौद हवा असतो. तो विहिरीवर भरावयाचा झाल्यास विहिरीचा जमाखर्च आधीं मांडला पाहिजे.

३० फूट लांब, १५ फूट रुंद व ४ फूट खोल हौद घेऊं. त्यांत १,८०० घनफूट, म्हणजे सुमारें ५१,००० लिटर पाणी मावतें. एवढें पाणी एक एकर रानांत पसरल्यास अर्धाच इंच उभें राहील. म्हणून पुष्कळांस हा खर्च क्षुल्लक वाटतो. परंतु २० फूट व्यासाच्या गोल विहिरींत एक फूट पाणी म्हणजे ३१४ घनफूट. सबब, झरा जमेस न धरल्यास, हौद भरतांना पातळी पावणेसहा फूट उतरेल.

झऱ्याची ताकद अशी पाहावी. पंप चालवून पाणी चार-पांच फूट उतरवावें, पंप बंद करून दोरीनें पातळी मोजावी, व एका तासानें पुन्हां मोजावी. तीन इंच चढ आढळला तर एवढी तूट भरून येण्यास २३ तास लागतील. एकच इंच आढळला तर ६९. शिवाय पातळी वर येऊं लागली कीं झरा मंदावतो, त्यामुळें प्रत्यक्षांत वेळ याहून अधिकच जातो. काळ्या पाषाणांत पाणी भेगांतून व मुरमांतून येतें. दिवाळीस धो धो वाहणारा झरा चैत्रांत करंगळीएवढा होतो. आणि पाहुण्यांची गर्दी नेमकी वैशाखांतल्या सुटींत!

यास्तव हौद कार्तिक-मार्गशीर्षांतच भरावा व तेंच पाणी गाळून उन्हाळाभर वापरावें. कडक उन्हांत दिवसाला सुमारें एक सेंटिमीटर पाणी उडून जातें; या हौदांतून तें ४०० लिटरांवर भरतें. वापर नसेल तेव्हां ताडपत्री ओढावी.

कांहीं विहिरींच्या पाण्यांत लोह विरघळलेलें असतें. काढतांना पाणी नितळ दिसतें, पण ब्लीचिंग पावडर पडतांच तांबूस होतें. बादलीभर पाण्यांत चिमूटभर घालून आधीं पाहावें.

विहीर सामाईक असल्यास सातबाऱ्यावरील ‘इतर अधिकार’ हा रकाना अवश्य वाचावा. भाऊबंदांचे हिस्से कित्येकदां तेथेंच नोंदलेले असतात, आणि पाण्याच्या पाळीवरून झालेले तंटे आमच्या दप्तरीं कांहीं थोडे नव्हते. आपली पाळी आठ तासांची असेल तर हौद तीन-चार पाळ्यांत भरावा, व कोणत्या दिवशीं भरणार हें हिस्सेदारांस अगोदर कळवावें.