एका फुटबॉल संघाची हकीकत

राजघराण्यांप्रमाणें खेळाडूंच्या संघांसही इतिहास असतो, व त्यापासून घेण्यासारखा बोधही असतो. आपल्या पनवेलच्या शेजारीं, मुंबईंत, नांवारूपास आलेल्या 'महिंद्रा युनायटेड' या फुटबॉल संघाची हकीकत म्हणूनच आम्ही येथें देत आहों.

हा संघ १९६२ सालीं महिंद्रा कंपनीनें स्थापिला. कूपरेज हें त्याचें मैदान. २००० सालीं त्यास 'महिंद्रा युनायटेड' हें नांव मिळालें. १९९८, २००१ व २००८ या सालीं त्यानें ड्युरंड चषक जिंकिला. डेरिक परेरा यांच्या मार्गदर्शनाखालीं २००५-०६ च्या हंगामांत फेडरेशन चषक व राष्ट्रीय लीग हीं दोन्ही अजिंक्यपदें त्यानें मिळविलीं. ती लीग १९९६ पासून चालू होती; पण महाराष्ट्रांतील संघास हा मान प्रथमच लाभला.

इतकें यश असतां २०१० सालीं हा संघ बंद झाला! यापुढें शालेय फुटबॉलकडे लक्ष द्यावें असें कंपनीनें ठरविलें. तो हेतु चांगलाच. परंतु संघ एकाच आश्रयदात्याच्या आधारावर उभा होता, व तो आधार निघतांच ४८ वर्षांची परंपरा खुंटली. उलट, झेक देशांतील प्राग शहरीं विद्यार्थ्यांनीं १८९२ सालीं सायकलस्वारांचें मंडळ म्हणून आपणहून स्थापिलेला स्लाविया संघ दोन महायुद्धें पाहूनही आज फुटबॉल खेळत आहे.

संघ टिकतो तो मागून येणाऱ्या खेळाडूंमुळें. आपल्या शाळेच्या संघांतूनही थोरलीं मुलें दरवर्षीं निघून जातात. जातांना त्यांनीं धाकट्यांस खेळ शिकवावा, व पालकांनीं त्यांस मैदानावर जाऊं द्यावें, एवढीच आमची विनंति आहे.