लोकायुक्त स्वतःहून चौकशी सुरू करतील का?

प्रश्न : आमच्या गल्लीतलं गटार कागदावर दोनदा बांधलं गेलंय, बिलंही निघालीत. लोकायुक्त आपणहून चौकशी का करत नाहीत? – एक वाचक, विठ्ठलवाडी

उत्तर : करू शकतात. महाराष्ट्राच्या १९७१च्या लोकायुक्त कायद्यातील कलम ७ प्रमाणे तक्रार नसतानाही चौकशीचा अधिकार त्यांना आहे. पण त्यांच्या कानावर प्रत्येक गल्ली जात नाही, म्हणून तक्रार तुम्हीच करा.

तीत भ्रष्टाचाराचा आरोप स्पष्ट लिहा. ‘गटार नीट नाही, दाद मिळत नाही’ एवढंच लिहिलंत तर ते गाऱ्हाणं ठरतं. त्याची मुदत बारा महिने, आणि कोर्टात दाद मागता येत असेल तर साधारणतः ते ऐकलंच जात नाही. आरोपाला मुदत कृत्यापासून तीन वर्षांची. म्हणून आधी माहिती अधिकारात दोन्ही बिलं आणि मोजमाप पुस्तिकेची पानं मिळवा. तारखा आणि मापं तिथेच सापडतात. सोबत प्रतिज्ञापत्र लागतं.

मात्र लोकायुक्त शिफारस करतात, शिक्षा देत नाहीत. ही उणीव मला फार खटकते. नवीन विधेयक विधानसभेत डिसेंबर २०२२ मध्ये, परिषदेत डिसेंबर २०२३ मध्ये मंजूर झालं. त्यातही मुख्यमंत्र्यांच्या चौकशीला विधानसभेची दोन तृतीयांश संमती ठेवली आहे.

तीन वर्षं उलटली असतील, किंवा कुणी थेट पैसे मागत असेल, तर लाचलुचपत प्रतिबंधक विभाग गाठा : १०६४.