दुसऱ्या काळातला मी : हेसेच्या कास्टालियातला एक गृहपाठ

हरमान हेसे म्हटलं की आपल्याला ‘सिद्धार्थ’ आठवते. मंडळाच्या अभ्यासवर्गासाठी मी मुद्दाम त्याची शेवटची मोठी कादंबरी निवडली, ‘द ग्लास बीड गेम’. दुसरं महायुद्ध चालू असताना 1943 साली ती स्वित्झर्लंडमध्ये छापली गेली. नाझी जर्मनीत तिला परवानगी मिळाली नाही. 1946 साली हेसेला नोबेल पुरस्कार मिळाला.

कादंबरीचा काळ आपल्यापुढे काही शतकांचा आहे. कास्टालिया नावाच्या प्रांतात विद्वानांचा एक संघ राहतो. लग्न नाही, मालमत्ता नाही, राजकारण नाही. एखाद्या मठासारखी शिस्त, पण देवाच्या जागी विद्या. संगीत, गणित, भाषा असं माणसाने आजवर जे कमावलं ते जपायचं आणि ‘काचमण्यांच्या खेळा’त एकमेकांशी जोडून दाखवायचं, हे त्यांचं काम. म्हणजे हे स्मृतीचे कारागीर. मात्र एक मेख आहे. नवीन काही निर्माण करणं इथे बसत नाही. कविता लिहिणं म्हणजे तर जवळजवळ चूकच.

पण एका ठिकाणी सूट आहे, आणि आजचा धडा तिथेच आहे. शाळा संपल्यावर विद्यार्थ्याला काही वर्षं मोकळ्या अभ्यासाची मिळतात. त्या काळात त्याच्याकडून एकच गोष्ट मागितली जाते : दरवर्षी एक ‘जीवन’ लिही. म्हणजे काय, तर मी अमुक शतकात, अमुक देशात जन्मलो असतो तर कसा जगलो असतो, याचं काल्पनिक आत्मचरित्र. भाषा, रीतिरिवाज, विचार, सगळं त्या काळाचं हवं.

कथानायक योसेफ क्नेख्त याने लिहिलेली अशी तीन जीवनं कादंबरीच्या शेवटी दिली आहेत. पहिल्यात तो आदिम वस्तीतला पाऊस आणणारा आहे; पाऊस येईना तेव्हा तो स्वतःचाच बळी देऊ करतो. दुसऱ्यात तो वाळवंटातला ख्रिस्ती तपस्वी, योसेफुस फामुलुस. लोक त्याच्यापाशी पापांची कबुली देतात, पण त्याचं स्वतःचं मन विझलेलं. तो दिओन नावाच्या दुसऱ्या तपस्व्याला शोधायला निघतो. दिओन भेटतो, त्याला जवळ ठेवून घेतो आणि पुढे मरणाच्या वेळी सांगतो : मीही निराश होऊन तुलाच शोधायला निघालो होतो! तिसरं जीवन आपल्याकडचं. दास नावाचा राजपुत्र गवळ्यांत वाढतो. पुढे हातून खून घडतो आणि तो रानातल्या योग्याकडे येऊन माया म्हणजे काय ते विचारतो. योगी त्याला पाणी आणायला पाठवतो. झऱ्यापाशी त्याला राज्य, पत्नी, मुलगा, युद्ध, कैद असं अख्खं आयुष्य भोगावं लागतं. भानावर येतो तर भोपळ्यातलं पाणी अजून तसंच गार.

आता नावं बघा. जर्मनमध्ये क्नेख्त म्हणजे सेवक. लॅटिनमध्ये फामुलुस म्हणजे सेवक. आणि दास तर आपल्याला सांगायलाच नको. काळ बदलला, देश बदलला, पण मुलाने दरवेळी एकच प्रश्न लिहिला : मी कुणाची सेवा करायची? मला वाटतं, या गृहपाठाचं मर्म हेच आहे. दुसऱ्या काळाचा पोशाख घातला की आपण लपत नाही, उलट जास्त दिसतो.

पुढे क्नेख्त एका बेनेडिक्टाइन मठात जातो. तिथले फादर जेकोबस त्याला इतिहास शिकवतात आणि कास्टालियाचं दुखणं दाखवतात : तुम्ही जगाच्या भाकरीवर जगता आणि जगाकडेच पाठ फिरवता. खेळाचा सर्वोच्च गुरू झाल्यावरही हे वाक्य जणू त्याची पाठ सोडत नाही. अखेर तो पद सोडतो आणि मित्राच्या एका मुलाला शिकवायला बाहेर पडतो. पहिल्याच सकाळी डोंगरातल्या बर्फगार तळ्यात त्या मुलामागे पोहायला उतरतो आणि बुडतो. वर्गात कुणीतरी म्हणालं, “मग उपयोग काय झाला?” उत्तर हेसेने मुलाच्या मनात ठेवलंय. या मरणाचं देणं आता आपल्याला फेडायचंय, हे त्याला कळतं.

हे सगळं मला का टोचलं ते सांगतो. महाराष्ट्राबाहेरची आपली मंडळंसुद्धा स्मृती जपणारी आहेत. जुनी गाणी, जुनी नाटकं, जयंत्या, पुण्यतिथ्या. चांगलंच आहे. पण नवीन पानं किती लिहितो आपण? आपलाही छोटा कास्टालिया होत नाही ना?

म्हणून मी तो गृहपाठ स्वतः करून पाहिला. 1924 साली गांधीजींच्या अध्यक्षतेखाली बेळगावात काँग्रेसचं अधिवेशन भरलं. त्यासाठी टिळकवाडीत खोदलेली विहीर आजही आहे. मी ठरवलं, आपण त्या छावणीत पाणी भरणारा पोरगा. लिहिलं, ‘मी बादली उचलली.’ मग शंका आली म्हणून आजीला फोन केला. ती हसली, “बादली कुठली रे तेव्हा? घागर म्हण. आमच्या घरात बादली आली ती माझ्या लग्नानंतर.” एका शब्दासाठी केलेला फोन पाऊण तास चालला. तिचं लग्न, तिच्या सासूबाई, पाण्याच्या खेपा, यातलं काहीच मी आधी कधी विचारलं नव्हतं. माझं ‘जीवन’ अजून दीड पानच झालंय. पण त्यातली घागर खरी आहे.

आता तुमची पाळी. नियम तीनच :

1. काळ आणि गाव नक्की ठरवा. ‘फार पूर्वी’ चालणार नाही.
2. त्या काळात नसलेली एकही वस्तू किंवा शब्द नको. शंका आली तर घरातल्या मोठ्या माणसाला विचारा.
3. राजा किंवा पुढारी होऊ नका. कुणाच्या तरी उपयोगी पडणारं साधं माणूस व्हा.

दोन पानं पुरेत. पुढच्या बैठकीत वाचू या. आणि हो, येताना ज्यांना विचारलंत त्यांनाही जमलं तर सोबत आणा.